कपाटात बसून दिलेली वाक्यं

माझा आवाज तुमच्यापैकी काही जणांनी ऐकला असेल. ऐकला असेल तर माफ करा, कारण तो ऐकू आला याचा अर्थ त्या दिवशी माझं काम फसलं होतं. मी प्रॉम्प्टर. नाटक चालू असताना नट वाक्य विसरला की विंगेतून त्याला पुढचं वाक्य द्यायचं, आणि ते असं द्यायचं की त्याला ऐकू जाईल, पण पहिल्या रांगेतल्या आजोबांना जाणार नाही. एकतीस वर्षं हेच केलं. मध्यंतरी या अंकाच्या संपादकांचा फोन आला. "परबसाहेब, पडद्यामागच्या गमती लिहा की, खुसखुशीत!" मला जन्मात कोणी साहेब म्हटलं नव्हतं, त्यामुळे भुललो आणि हो म्हणून बसलो.

गमती आहेत. पण त्यातल्या सगळ्यात मोठ्या गमतीवर भरलेलं थिएटर पोट धरून हसत होतं तेव्हा मी एका प्लायवूडच्या कपाटात मान खाली घालून बसलो होतो. ती सांगितल्याशिवाय बाकीच्या सांगणं म्हणजे पुन्हा एक लबाडी होईल. तेव्हा तीच सांगतो. नावं सगळी बदलली आहेत. नटाचं आडनाव धैर्यवान ठेवलंय, तेवढी गंमत संपादकांसाठी.

आधी धंदा समजावून घ्या. आमचे बाबा डिलाईल रोडच्या गिरणीत साच्यांवर, म्हणजे मागांवर होते. तिथे एवढा खडखडाट, की शेजारचा माणूस बोंबलला तरी ऐकू यायचं नाही. म्हणून तिथली माणसं ओठांनी बोलत आणि डोळ्यांनी ऐकत. बाबा घरीही तसेच नुसते ओठ हलवायचे. आई वैतागायची, "आवाज काय गिरणीत ठेवन इलास?" आम्हा भावंडांना मात्र ते बोलणं आपोआप आलं. चाळीच्या गणपतीत नाटक बसलं तेव्हा मी विंगेत उभा राहून नुसत्या ओठांनी अख्खं नाटक चालवून दाखवलं आणि माझा धंदा ठरून गेला.

लोकांना वाटतं, प्रॉम्प्टर वाचून दाखवतो. तसं नसतं. वाक्याचे पहिले दोन शब्द द्यायचे, बाकीचं वाक्य त्यांच्यामागून आपलं आपण येतं. सगळं वाक्य दिलं की नट गोंधळतो. आमच्याकडे एक वयस्कर नट होते, ते मिळेल ते घेत. एकदा माझी नजर चुकली आणि वाक्याऐवजी कंसातली सूचना गेली. सासरेबुवांनी सुनेकडे पाहिलं, कंठ दाटून आणला आणि म्हणाले, "थांब सूनबाई... खोकतो." काय हशा आला! पुढच्या प्रत्येक प्रयोगात त्यांनी ते "खोकतो" घेतलं, आणि मी न देता घेतलं.

पण खरी परीक्षा वेगळीच. नट गप्प झाला की तो विसरलाय की मुद्दाम थांबलाय, हे ओळखणं. विसरला तर आम्ही म्हणतो ब्लँक झाला, थांबला तर म्हणतो पॉज घेतला. दोन्ही बाहेरून सारखेच दिसतात. ब्लँकमध्ये वाक्य दिलं नाही तर प्रवेश बोंबलतो. पॉजमध्ये वाक्य दिलं तर नट प्रवेश संपल्यावर विंगेत येऊन तुमचा उद्धार करतो, आणि त्याचं बरोबर असतं.

धंद्यात मी नवा होतो तेव्हा 'ओली वीट' नावाच्या नाटकावर होतो. घरगुती, गंभीर नाटक. त्यात नायिका होत्या माधवीताई. वयानं माझ्याहून चार वर्षांनी लहान, पण कामानं इतक्या मोठ्या की ताईशिवाय तोंडातून दुसरं काही निघायचं नाही. दुसऱ्या अंकात नवरा बाहेर निघालेला असतो, म्हणजे दुसऱ्या बाईकडे, आणि दारातून बायकोला म्हणतो, "तू जेवून घे. माझं ताट नुसतं झाकून ठेव." त्यावर ताई म्हणत, "ताट झाकीन हो." मग थांबत. आणि मग अगदी साध्या आवाजात, "भूक कशानं झाकू?" नाटक जे चाललं ते या थांबण्यावर.

पहिल्या प्रयोगाला ताई थांबल्या आणि मी घाबरून वाक्य देऊन टाकलं. दिलं ते दिलं, वर जोरात दिलं. तिसऱ्या रांगेपर्यंत ऐकू गेलं. प्रयोगानंतर दिग्दर्शकानं मला सगळ्यांदेखत सांगितलं, की उद्यापासून येऊ नकोस, गणपतीतच बरा होतास. ताई मेकअप पुसत होत्या. त्या तशाच वळून म्हणाल्या, "त्याचा काय दोष? मी विसरले होते. त्यानं दिलं म्हणून वाचले." साफ खोटं होतं. दिग्दर्शकालाही ते कळलं असणार, पण नायिकेपुढे तो काय बोलणार?

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला बाजूला घेतलं. "सदा, आता आपलं ठरवून टाकू. मी खरंच विसरले ना, तर पदराचं टोक अंगठ्यानं चुरीन. तेव्हा दे. हात मोकळा असला की समज, पॉज आहे. गप्प बसायचं." चारशेवर प्रयोग झाले त्या नाटकाचे. ताईंनी पदर मोजून तीनदा चुरला असेल. तिन्ही वेळा मी दिलं आणि कोणाला कळलं नाही. माझी नोकरी, माझं लालबागचं बिऱ्हाड, सगळं त्या एका खोट्यावर उभं राहिलं. हे सुरुवातीलाच सांगून ठेवतो, म्हणजे पुढे मी काय केलं त्याचं वजन तुम्हाला नीट कळेल.

माधवीताईंनी नंतर शिरीष धैर्यवान या नटाशी लग्न केलं आणि गिरगावात त्यांच्या जुन्या घरी राहायला गेल्या. मुलीच्या वेळी नाटक थांबवलं ते थांबलंच. सरांचं मात्र चालू राहिलं. सर म्हणजे शिरीष. दिसायला राजबिंडे, आवाज खणखणीत, टायमिंग अचूक, आणि पाठांतराच्या नावानं शंख. तोंडात कायम दुसऱ्याची वाक्यं घोळवून स्वतःचं एक वाक्य सुचत नसे. हॉटेलात वेटरनं काय आणू विचारलं तरी ते आधी माझ्याकडे बघत.

दहाएक वर्षांपूर्वी सरांचं 'चावी शेजारी दिली आहे' हे फार्सिकल जोरात होतं. नवऱ्याचं बाहेर लफडं. बायकोला सांगतो नाशिकला चाललोय, आणि जातो शेजारच्या फ्लॅटमध्ये. दुसऱ्या अंकात तो चोरून घरी येतो, तेवढ्यात बायको येते आणि तो स्वतःच्याच घरातल्या कपाटात लपतो. नऊ मिनिटं तो कपाटात आणि बाहेर बायकोचा धुमाकूळ. सरांना विंग लांब पडायची म्हणून दिग्दर्शकानं मला त्या कपाटातच बसवलं. स्टेजच्या मधोमध प्लायवूडचं कपाट, दाराला जाळी, मागची बाजू उघडी. आत मी, एक स्टूल, स्क्रिप्ट आणि लाल कागद लावलेली छोटी बॅटरी. दुसऱ्या अंकात सर आत आले की आम्ही दोघं गुडघ्याला गुडघा लावून बसायचो.

नाटकात बायकोचं काम करायची केतकी. आणि सरांचं खरं प्रकरण होतं ते या केतकीशीच. म्हणजे बघा, स्टेजवर सर केतकीला फसवून दुसरीकडे जायचे आणि स्टेजवरून उतरले की माधवीताईंना फसवून केतकीकडे जायचे. तिचा फ्लॅट परळला होता. रविवारी चारचा प्रयोग पावणेसातला सुटला की मंडळी निघाली. आमच्या अख्ख्या कंपनीला माहीत होतं. अशा गोष्टी एका माणसाला सोडून सगळ्यांना माहीत असतात.

एका रविवारी सर कपाटात आले आणि त्यांचा फोन थरथरला. ताईंचा मेसेज. 'किती वाजता येतोस?' बाहेर केतकी उशा फेकत होती. सरांनी अंगठा फोनवर धरला, थांबले, आणि माझ्याकडे पाहिलं. ब्लँक झालेल्या नटाचे ते डोळे मी हजारदा पाहिलेत. ते दिसले की माझं तोंड आपसूक उघडतं. मी दिलं, "सेटचा टेम्पो अडकलाय." सरांनी टाइप केलं, पाठवलं, आणि वेळेवर दार उघडून एन्ट्री घेतली. टाळी पडली.

पहिल्या वेळी सवयीनं झालं हे खरं. दुसऱ्या वेळी मला कळत होतं. तिसऱ्या वेळी मी आदल्या रात्रीच वाक्य तयार करून ठेवलं होतं. सर मोठे नट, नाही म्हटलं तर काम गेलं असतं, असं इथे लिहून मोकळं होता आलं असतं. पण ते खरं नाही. सरांनी मला कधी धमकावलं नाही. मलाच मजा यायला लागली होती. तोवर पंचवीसएक वर्षं मी दुसऱ्यांनी लिहिलेली वाक्यं देत आलो, त्यातलं एकही माझं नव्हतं. आता मी दिलेलं जसंच्या तसं जात होतं. आधी नुसत्या सबबी होत्या, मग मी त्यांना जरा कलाकुसर करायला लागलो. 'आज पहिल्या रांगेत एक बाई अगदी तुझ्यासारखी हसत होती. दोन वाक्यं चुकलो. आता दिग्दर्शकानं थांबवून घेतलंय.' किंवा, 'तुळशीला पाणी घालायचं सकाळी राहिलं माझ्याकडून. तेवढ्यासाठी पळत यावंसं वाटतंय, पण डबिंग आहे.'

ताईंचं उत्तर मिनिटाभरात यायचं. 'चुकलास तर चुकलास. भेंडीची भाजी आहे, ये सावकाश.' सर न वाचताच फोन खिशात टाकायला जायचे. मीच म्हणायचो, "काय म्हणाल्या?" मग ते दाखवायचे. त्या उत्तरांची मी रविवार ते रविवार वाट बघायला लागलो होतो. हे लिहिताना पेन अडतंय, पण लिहितो. माझ्या मनात काही वावगं नव्हतं असं मी स्वतःला बजावत होतो, आणि घरी बायको भाजी कोणती करू विचारायची तेव्हा भेंडी म्हणायचो.

असे आठ महिने गेले. मग एका रविवारी मला काही सुचेना. लालबागला पाहुणे होते, रात्री झोप नव्हती. सर कपाटात आले, फोन पुढे धरला. बाहेर केतकीचं रडणं संपत आलेलं, एन्ट्रीला अर्धं मिनिट. मी तोंड उघडलं आणि जे आलं ते दिलं: "तू जेवून घे. माझं ताट नुसतं झाकून ठेव."

प्रॉम्प्टरच्या डोक्यात वाक्यांचा ढीग असतो आणि कुठल्याच वाक्यावर नाटकाचं नाव लिहिलेलं नसतं. मला ते माझंच वाटलं. चांगलं जमलं असंही वाटलं. त्या दिवशी मेसेजवर दोन निळ्या खुणा आल्या आणि उत्तर मात्र आलं नाही.

बुधवारी ताईंचा फोन आला. "सदा, उद्या दुपारी गिरगावात येशील? जरा काम आहे."

लाकडी जिना, तिसरा मजला. दार उघडून म्हणाल्या, "ये. केवढा वाळलायस रे." सर डबिंगला गेले होते, मुलगी शिकायला पुण्याला. त्यांनी पोहे दिले, चहा दिला, बायकोच्या गुडघ्यांची चौकशी केली. मग म्हणाल्या, "एका कॉलेजात मुलांसमोर बोलायला बोलावलंय. 'ओली वीट'मधला प्रवेश म्हणून दाखवावा म्हणते. आठवतो का बघते. तू बैस तिथेच."

खिडकीपाशी जाऊन उभ्या राहिल्या. "नवऱ्याचं वाक्य झालंय असं धर."

मी धरलं. पोह्यांची बशी मांडीवर होती.

"ताट झाकीन हो," ताई म्हणाल्या आणि थांबल्या.

वीस वर्षांनी तो पॉज ऐकत होतो. एक, दोन, तीन. मी निवांत होतो, अगदी समाधानात. आणि ताईंचा हात हळूच ओढणीकडे गेला. ओढणीचं टोक अंगठ्याखाली आलं आणि त्या ते चुरायला लागल्या. म्हणजे विसरल्या होत्या! मी दिलं.

"भूक कशानं झाकू."

शब्द तोंडातून गेले आणि मग मला कळलं, की त्याच्या आधीचं नवऱ्याचं वाक्य कुठलं आहे.

ताईंनी ओढणी सोडली. येऊन समोर बसल्या. फोन काढून तो मेसेज माझ्यासमोर ठेवला. आवाज चढवला नाही. "हे वाक्य माझ्याशिवाय तिघांना पाठ होतं. लिहिणारे गेले. माझ्यासमोर काम करायचा तो गेला. शिरीषनं ते नाटक पाहिलेलं पण नाही. मला आधीच कळलं होतं रे. पण म्हटलं, तुझ्या तोंडून ऐकू."

ताईंनी फोन उचलून पालथा ठेवला.

"त्याला खोटं बोलता येत नाही, सदा. स्टेजवर तुझ्याशिवाय बोलता येत नाही त्याला, घरात कुठून येणार? मी दुसऱ्या दिवशी पकडला असता. तू माझे आठ महिने घालवलेस."

बाहेर कोणी तरी भंगारवाला ओरडत चालला होता. तो लांब जाईपर्यंत त्या थांबल्या.

"आणि मी काय बावळट! त्यानं जन्मात कधी तुळशीला पाणी घातलं नाही. मला वाटलं, उतारवयात सुधारला माणूस. मैत्रिणींना वाचून दाखवले मी ते मेसेज. पुन्हा प्रेमात पडल्यासारखं झालं होतं मला, या वयात. आता सांग, कोणाच्या पडले होते?"

ताई उठल्या, माझ्या मांडीवरची बशी उचलून आत नेली आणि आतूनच म्हणाल्या, "रविवारी येतेय मी प्रयोगाला. त्याला सांगू नकोस. एवढं तरी गप्प बसता येईल ना तुला?"

नाही सांगितलं. म्हणजे आता मी दोघांचाही गुन्हेगार झालो.

रविवारी दादरला बोर्ड हाऊसफुल्ल. कपाटाच्या जाळीतून मला पहिल्या रांगेत ताई दिसल्या. मोरपंखी साडी, हात मांडीवर. दुसरा अंक सुरू झाला, सर कपाटात आले, गुडघा माझ्या गुडघ्याला लागला आणि फोन थरथरला. 'कुठे आहेस?' समोर दहा हातांवर ताईंच्या चेहऱ्यावर फोनचा उजेड पडला होता.

"काय लिहू? लवकर," सर कुजबुजले.

मी गप्प.

"सदा, झोपलास काय?"

एन्ट्री आली. सर तसेच बाहेर गेले. केतकी कमरेवर हात ठेवून उभी. तिचं वाक्य: "दोन दिवस कुठे होता तुम्ही?" सरांचं उत्तर: "नाशिकला. दुसरं कुठे?" तीन शब्द. सर ते म्हणायला प्रेक्षकांकडे वळले आणि त्यांना पहिली रांग दिसली.

आडनावात एवढं धैर्य असून उपयोग झाला नाही. तोंड उघडं राहिलं. हळूहळू मान कपाटाकडे वळली. ते डोळे पुन्हा माझ्यासमोर. इतक्या वर्षांत या डोळ्यांना मी उपाशी पाठवलं नव्हतं. जिभेवर 'नाशिकला' तयार होतं. पण ते दिलं असतं तर ताईंसमोर, ताईंच्या नवऱ्याला, आणखी एक खोटं दिल्यासारखं झालं असतं. मला ते जमेना. मी बॅटरी विझवली.

आणि पहिल्या रांगेतून, न ओरडता, पण शेवटच्या रांगेपर्यंत जाईल अशा आवाजात ताई म्हणाल्या, "सेटचा टेम्पो अडकला होता म्हण."

थिएटर फुटलं. लोकांना वाटलं, नाटकातच आहे.

हशा ओसरायला ताईंनी बरोबर वेळ दिला. मग म्हणाल्या, "नाही तर असं म्हण, तू जेवून घे. माझं ताट नुसतं झाकून ठेव."

पुन्हा हशा, टाळ्या. पण केतकी हसली नाही. ती हळूहळू सरांकडे वळली आणि आपण स्टेजवर आहोत हे विसरली. "हे तू मला पाठवलं होतंस. मी परळला वाट बघत बसले होते तेव्हा!"

म्हणजे सरांनी मी दिलेलं वाक्य दोन्हीकडे वापरलं होतं. इकडे उशीर झाला की तिकडे, तिकडे उशीर झाला की इकडे. माणसं हसून हसून खुर्च्यांवरून घसरत होती. केतकीनं सरांच्या मुस्कटात दिली. आमच्या नाटकात तिसऱ्या अंकात एक थप्पड होती. ती नुसती हवेत मारायची, आवाज मी कपाटातून टाळी वाजवून काढायचो. त्या दिवशी मला टाळी वाजवावी लागली नाही.

पडदा पाडला. जाळीतून मला शेवटचं दिसलं ते असं, की सगळं थिएटर उभं राहून टाळ्या वाजवतंय आणि एकट्या माधवीताई बसलेल्या आहेत. त्यांनी पदराचं टोक अंगठ्याखाली धरलं होतं. सगळ्या प्रेक्षागृहात त्याचा अर्थ कळणारा मी एकटाच होतो, आणि माझ्याकडे द्यायला काही नव्हतं.

बाहेर गेटवर एका गृहस्थांनी मला अडवलं. "अहो, ती पहिल्या रांगेतली बाई दर प्रयोगाला असते का? पुढच्या वेळी मंडळींना घेऊन येतो." नसते, म्हणालो.

नाटक बंद झालं. केतकी मालिकेत गेली, तिचं छान चाललंय. सरांना तिनं घरात घेतलं नाही आणि ताईंनीही नाही, म्हणून ते बोरिवलीला भावाकडे राहायला गेले. आता मालिकांत आजोबांची कामं करतात. मीही पुढे चार-पाच वर्षं काम केलं, पण त्यात जीव राहिला नव्हता. कोणी नट थांबला की मला पॉज वाटायचा. दोनदा प्रवेश पडला तेव्हा आपणहून थांबलो. लोकांना सांगितलं, कान गेले.

थांबण्याआधी एकदा गिरगावात गेलो होतो. माफी मागायला. लालबागपासून निघालो ते वाटेत वाक्यं जुळवत. चांगली तीन-चार वाक्यं झाली होती. सुरुवात कशी, मध्ये कुठे थांबायचं, सगळं. जिना चढलो, बेल दाबली. ताईंनी दार उघडलं. केस पांढरे झाले होते, रंगवलेले नव्हते. दार धरून उभ्या राहिल्या, ये म्हणाल्या नाहीत.

आणि मी ब्लँक झालो. आयुष्यात पहिल्यांदा. एक शब्द आठवेना. जुळवून आणलेली वाक्यं जिन्यातच कुठे तरी सांडली होती. हातात कापडी पिशवी होती, तिचा बंद मी अंगठ्यानं चुरतोय हे मला खाली पाहिल्यावर कळलं. ताईंचीही नजर तिथेच होती. त्यांना अर्थ माहीत होता. तो त्यांनीच शिकवला होता. मला वाटलं, देतील. दोन शब्द, फार तर एक. पूर्वी सगळ्यांदेखत खोटं बोलून वाचवलं होतं, आता खरं बोलायला तर मदत करतील.

त्यांनी दिलं नाही. बराच वेळ थांबल्या, घाई केली नाही, रागावल्याही नाहीत. मग म्हणाल्या, "पाठ झालं की ये." आणि दार हळूच लावलं.

वाक्य दोनच शब्दांचं आहे. माझं चुकलं. सकाळी शिवाजी पार्कला चालायला जातो तेव्हा म्हणतो, घरी लसूण सोलताना म्हणतो. बायको विचारते, "कोणावांगडा बोलतास ओ?" कोणाबरोबर नाही, म्हणतो, पाठांतर चाललंय. एकटा असलो की दर वेळी बरोबर येतं.

संपादक म्हणाले, अंक दिवाळीच्या आठवडाभर आधी हातात मिळेल. आधी ठरवलं होतं, की तो घेऊनच गिरगावचा जिना चढावा, ताईंच्या हातात द्यावा आणि गप्प उभं राहावं. यात सगळं आलंच आहे, त्या वाचतील. पण हे लिहीत आणलं तेव्हा लक्षात आलं, की लिहिलेली वाक्यं दुसऱ्याच्या हाती पाठवायची हेच तर मी आठ महिने कपाटात बसून केलं. म्हणून अंक घरीच ठेवीन. रिकाम्या हातानं जाईन, पिशवीसुद्धा नेणार नाही.